एकशे पंचावन्न मीटर, वर

आमच्या मोजणी खात्यात तिला सगळे पट्टीबाई म्हणत. कागदोपत्री तिला दुसरं नाव होतं, पण ते पगाराच्या दिवशी एकदा पुकारलं जायचं, तेवढंच. मी तिथे मोजणीदार होतो. सोळा वर्षं ती माझ्या दुर्बिणीसमोर पट्टी धरून उभी राहिली. या सोळा वर्षांत मी तिला जेवढं ओळखतो असं मला वाटत होतं, त्याच्या निम्मंही ओळखत नव्हतो, हे मला एका परीक्षेमुळे कळलं. परीक्षा तिची होती. नापास मी झालो, असं म्हटलं तरी चालेल.

आमचं काम काय ते आधी सांगतो. गटार टाकायचं असो, पाण्याची पाइपलाइन असो, नाहीतर रस्ता असो, जमीन कुठे किती उंच आणि कुठे किती खोल हे आधी मोजावं लागतं. तिवईवर दुर्बीण लावून मी एका जागी उभा राहायचो. समोर पन्नास-साठ पावलांवर पट्टीबाई चार मीटर उंचीची, आकडे रंगवलेली पट्टी उभी धरायची. दुर्बिणीतल्या आडव्या रेघेवर पट्टीचा जो आकडा येईल तो मी मोठ्याने म्हणायचो, आणि शेजारी स्टुलावर बसलेला नोंदणीदार तो वहीत लिहायचा. दोन जागांच्या आकड्यांतला फरक काढला की चढ किती, उतार किती ते समजतं.

ऐकायला सोपं वाटतं. पण पट्टी जराशी कलली तरी आकडा खोटा येतो, आणि वारा सुटला की चार मीटरची पट्टी माणसाला घेऊन नाचते. पट्टीबाई पाय फाकवून, दोन्ही तळव्यांत पट्टी धरून, श्वासही मोजून घेतल्यासारखी उभी राहायची. भर रस्त्यात ट्रक हॉर्न मारत अंगावरून गेल्यासारखे जायचे, ड्रायव्हर शिव्या घालायचे, पण ती खुणेवरून पाऊल हलवायची नाही. एकदा एका दुकानदाराने तिला ओट्यावरून उतरायला सांगितलं. ती म्हणाली, "तुमच्या ओट्याची उंची मोजतेय. उतरले तर पाणी तुमच्याच दुकानात येईल." त्याने मुकाट्याने खुर्ची आणून दिली. ती बसली नाही.

आमचा नोंदणीदार निवृत्त झाला तेव्हा मोठे साहेब जागेवर आले होते. मोठे साहेब म्हणजे आमच्या शाखेचे प्रमुख. माणूस वाईट नव्हता, पण आपण बोललो ते मागे घ्यायची सवय त्यांना नव्हती. ते मला म्हणाले, "वहीसाठी आता कुणीतरी डोकं असलेला माणूस बघा." पट्टीबाई चार हातांवर पट्टी पुसत होती. तिने ऐकलं, हे मला दिसलं. मी काही बोललो नाही.

पंधरा दिवसांनी परिपत्रक लागलं. नोंदणीदाराच्या चार जागा, खात्यातल्या कोणत्याही कामगाराला अर्ज करता येईल, लेखी परीक्षा. वीस प्रश्न, प्रत्येकी दोन गुण, पास व्हायला वीस गुण. विषय, उंची आणि खोली यांतल्या बदलांवरची शाब्दिक उदाहरणं. दुसऱ्या दिवशी ती फॉर्म घेऊन माझ्यासमोर उभी.

"भाऊ, इथे तुमची सही लागते."

"पट्टीबाई, त्यात हिशेब असतो," मी म्हणालो. "कागदावरचा."

"मग सोळा वर्षं मी काय गाणी ऐकतेय का?" ती म्हणाली. "दिवसाला दोनशे आकडे तुम्ही माझ्याकडे बघून ओरडता. त्या आकड्यांचं पुढे होतं काय, ते मला बघायचंय."

मी सही केली. कचेरीतल्या कारकुनाने फॉर्म उलटसुलट पाहिला आणि विचारलं, "शिक्षण?"

"चौथी."

"चौथी पास?"

"चौथीत होते. तिसरी पास. लिहा तसंच."

त्याने हसू दाबलं. तिने ते पाहिलं आणि त्याने लिहून होईपर्यंत काउंटरवरचा हात काढला नाही.

पुढचं तिच्या घरातलं मला नंतर तिच्या सुनेने सांगितलं. नवरा जाऊन बरीच वर्षं झाली होती, मुलगा लांब पल्ल्याचा ट्रक चालवायचा, महिन्यातले वीस दिवस बाहेर. घरात सासू आणि सून दोघीच. सून औषधाच्या दुकानात काउंटरला होती. संध्याकाळी सातला आली की दोघी स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसायच्या. एका बाजूला भाजी चिरलेली, दुसऱ्या बाजूला शाळेच्या जुन्या पुस्तकांची थप्पी. दिवसभर सासूचं ऐकणारी सून त्या एका तासात मास्तरीण व्हायची, आणि तिला त्यात मजा येत नव्हती असं ती म्हणत नाही.

पहिल्या आठवड्यात पट्टीबाई उदाहरणांशीच भांडली.

"एक माणूस तीस मीटर चढला, बारा मीटर उतरला, पुन्हा वीस मीटर चढला," सुनेने वाचलं.

"का?"

"काय का?"

"मधे उतरला का? काही विसरला का खाली?"

"आई, ते विचारायचं नसतं."

"मग असल्या माणसावर कशाला वेळ घालवायचा? ज्याला स्वतःला ठाऊक नाही कुठे जायचंय."

सुनेने हात टेकले. पण तिनेच एक युक्ती काढली. पुस्तकातला माणूस बाजूला ठेवायचा आणि त्याच्या जागी पट्टी धरून आपणच उभ्या आहोत असं समजायचं. तिथून गाडी रुळाला लागली. पट्टीबाईने वहीच्या पानावर एक उभी रेघ मारायला सुरुवात केली. रेघेवर एक आडवी खूण, ती शून्य. वर गेलं की रेघेवर वर, खाली गेलं की खाली.

उणे आकड्यांशी तिचं लवकर जमलं नाही. पाणबुडी समुद्रसपाटीखाली चाळीस मीटरवर आहे, ती पंधरा मीटर वर आली, मग बावीस मीटर खाली गेली, तर आता ती कुठे. तिने लगेच सांगितलं, "सत्तेचाळीस, खाली." सून म्हणाली, "उणे सत्तेचाळीस लिहायचं." त्यावर तिचं म्हणणं, खोली काही कमी झालेली नाही, उलट वाढलीय, मग उणे कशाला? दोघींचा यावर दोन दिवस वाद चालला. भाजी एकदा करपली. शेवटी पक्षी आणि माशाच्या उदाहरणाने निकाल लागला. पक्षी पाण्यावर बारा मीटर, बरोबर त्याच्या खाली मासा पाण्यात तीन मीटर, दोघांमध्ये अंतर किती. तिने घाईत बारातून तीन वजा करून नऊ लिहिले. मग रेघ मारली, शून्यावर पाणी काढलं, वर पक्षी, खाली मासा, आणि बोट पक्ष्यापासून माशापर्यंत खाली नेलं.

"पंधरा," ती म्हणाली. "शून्य मधे आहे ना. उणे म्हणजे कमी नाही गं. उणे म्हणजे शून्याच्या त्या बाजूला. आणि शून्य कुठे ठोकायचं ते आपण ठरवायचं."

सून सांगते, त्या दिवशी तिला वाटलं की हे आपल्याला शाळेत कुणी असं सांगितलं असतं तर.

पण एक चूक पट्टीबाई पुन्हा पुन्हा करायची. प्रश्नात विचारलेलं असायचं, निघाल्या जागेपेक्षा किती वर. ती सगळं मोजून शेवटी जिथे पोचली त्या जागेची उंची लिहून मोकळी व्हायची. एके दिवशी सुनेने वही तिच्यासमोर सरकवली आणि म्हणाली, "आई, तुम्ही सगळं बरोबर केलंत आणि उत्तर दुसऱ्याच प्रश्नाचं दिलंत." हे तिला लागलं. तेव्हापासून ती उत्तर लिहायच्या आधी प्रश्नाची शेवटची ओळ बोट ठेवून दोनदा वाचायची.

परीक्षा कचेरीच्या वरच्या मजल्यावरच्या हॉलमध्ये झाली. नऊ जण बसले होते. त्यात आमच्याच तुकडीतला टेपवालाही होता. तो फीत धरून अंतरं मोजायचा, दहा वर्षं तिच्याबरोबर होता. निकाल फळ्यावर लागला तेव्हा तिघे पास होते. टेपवाला बरोब्बर वीस गुणांवर. पट्टीबाई अठरा, नापास.

मी तिच्याजवळ जाऊन म्हणालो, "चालायचंच. पुढच्या वेळी."

ती फळ्याकडेच बघत होती. "भाऊ, माझे एकोणीसही नाहीत, अठरा आहेत. म्हणजे नऊ उत्तरं बरोबर. मी घरी जाऊन मोजली होती, माझी दहा बरोबर होती. एक कुठे गेलं ते बघायला पाहिजे."

नियम असा होता की आठ दिवसांत अर्ज केला तर आपला पेपर बघता येतो. आजवर कुणी तो वापरला नव्हता, त्यामुळे कारकुनाला अर्जाचा नमुना शोधायला अर्धा दिवस लागला. तिने अर्धा दिवस रजा टाकली आणि बाकावर बसून राहिली.

पेपर हातात आला. सतराव्या प्रश्नावर लाल फुली होती. प्रश्न मला आजही पाठ आहे. डोंगराचा पायथा समुद्रसपाटीपासून दोनशे दहा मीटरवर, माथा सहाशे चाळीस मीटरवर. एक वाटसरू पायथ्यापासून निघून माथ्यावर गेला आणि दुसऱ्या बाजूने दोनशे पंच्याहत्तर मीटर खाली उतरून थांबला. निघाल्या जागेपेक्षा तो आता किती मीटर वर किंवा खाली आहे?

तिने लिहिलं होतं, एकशे पंचावन्न मीटर, वर. बाजूला रेघ, रेघेवर तीन खुणा.

"हे बरोबर आहे," ती कारकुनाला म्हणाली.

त्याने उत्तरसूची काढली. "इथे तीनशे पासष्ट आहे."

"तीनशे पासष्ट ही तो जिथे थांबला त्या जागेची उंची. समुद्रापासून. प्रश्न निघाल्या जागेपासून विचारलाय. शेवटची ओळ वाचा."

"बाई, मी ओळ वाचून काय करू? उत्तरसूची मोठ्या साहेबांनी स्वतः केलीय."

"मग साहेबांनी सगळं बरोबर केलंय," ती म्हणाली, "आणि उत्तर दुसऱ्याच प्रश्नाचं दिलंय. असं होतं. माझंही व्हायचं."

हे वाक्य कारकुनाने जसंच्या तसं आत नेलं असणार, कारण दुसऱ्या दिवशी तिला बोलावणं आलं. मोठे साहेब नरमाईने बोलले, असं ती म्हणाली. खुर्ची दिली. इतक्या वर्षांची नोकरी, कामाबद्दल एक तक्रार नाही, या वयात परीक्षेला बसण्याची जिद्द, हे सगळं लक्षात घेऊन विशेष बाब म्हणून आपण तिला दोन गुण वाढवून देत आहोत. कागद तयार होता. फक्त सही करायची.

तिने कागद वाचला. बोट ठेवून, दोनदा.

"यात सतराव्या प्रश्नाचं काहीच नाही."

"त्याची गरज नाही. तुम्हाला दोन गुण मिळताहेत ना?"

"साहेब, हे तर माझी दया आली म्हणून दिल्यासारखं झालं. मला वाढवून नकोत. माझे आहेत ते द्या."

"फरक काय पडतो?"

"तुम्ही मला नोंदणीदार करणार. उद्या मी वहीत चुकीचा आकडा लिहिला आणि कुणी विचारलं, तर मी काय सांगू, माझी नोकरी बरीच वर्षांची आहे म्हणून?"

तिने कागद टेबलावर ठेवला आणि उठली. सही केली नाही. बाहेर येऊन सतराव्या प्रश्नाची उत्तरसूची दुरुस्त करा असा लेखी अर्ज कारकुनाकडे दिला. मला हे समजलं तेव्हा मी तिला अक्षरशः वेड्यात काढलं. घरात आलेली गोष्ट लाथेने बाहेर ढकलतेस, म्हणालो. ती म्हणाली, "दार उघडं असतं तर आत आली असती ना. त्यांनी खिडकीतून टाकली."

बातमी पसरायला वेळ लागला नाही. सतराव्या प्रश्नाचं उत्तर बदललं तर ज्यांनी तीनशे पासष्ट लिहिलंय त्यांचे दोन गुण जाणार, हेही पसरलं. पास झालेल्या तिघांपैकी दोघांना भरपूर गुण होते. टेपवाल्याचे मात्र वीसचे अठरा झाले असते. रविवारी सकाळी तो तिच्या घरी गेला. सून भांडी घासत होती, तिने सगळं ऐकलं.

"पट्टीबाई, तुझ्या एका उत्तरापायी माझी जागा जाईल."

"माझ्या उत्तरापायी नाही. तुझ्या."

"साहेब दोन गुण देत होते तुला. घेतले असतेस तर तूही पास, मीही पास. कुणाचं काय बिघडलं असतं?"

"बस आधी. चहा घेतोस?"

"चहा नको. अर्ज मागे घे."

ती त्याच्यासमोर बसली. "तू दहा वर्षं टेप धरतोस. मी जर म्हटलं की वीस मीटर आणि बावीस मीटर सारखंच, कुणाचं काय बिघडतं, तर तू काय करशील?"

तो उठून उभा राहिला.

"तुझी जागा जावी असं मला वाटत नाही," ती म्हणाली. "गेली तर पुढच्या परीक्षेसाठी मी तुला शिकवीन, इथे याच टेबलाशी. पण चुकीला बरोबर मी म्हणणार नाही. तुझ्यासाठीही नाही."

तो चहा न घेताच गेला. पुढचे कित्येक आठवडे कामावर त्याने तिच्याशी शब्द काढला नाही. टेपचं टोक तिच्या हातात द्यायचं असलं की जमिनीवर ठेवायचा. ती वाकून उचलायची.

आता माझा भाग. तो सांगायला जीभ रेटत नाही, पण सांगतो.

मोठ्या साहेबांनी मला बोलावलं. म्हणाले, प्रकरण वर जाण्याआधी जाणकाराचं मत जोडायचं आहे, तुम्ही इतकी वर्षं हेच काम करताय, तुमचं मत काय. प्रश्न आणि उत्तरसूची माझ्यासमोर ठेवली. पहिल्या वाचनातच मला दिसलं की ती बरोबर आहे. त्यात दिसायला काही अवघड नव्हतंच. पण साहेबांच्या टेबलावर माझ्या बढतीची फाइल होती, आणि ती त्यांनी मुद्दाम तिथे ठेवली होती की तिथेच पडलेली असायची, हे मला आजही सांगता येणार नाही. मी म्हणालो, "साहेब, वाचणाऱ्यावर आहे. दोन्ही अर्थ निघू शकतात."

साहेबांचा चेहरा मोकळा झाला. "लिहून द्या."

मी लिहून दिलं.

चार दिवसांनी नवं परिपत्रक लागलं. क्षेत्रीय मोजणीदारांच्या मतानुसार प्रश्न सतरासाठी एकशे पंचावन्न व तीनशे पासष्ट ही दोन्ही उत्तरं ग्राह्य धरण्यात येत आहेत. सबब चारही उमेदवार उत्तीर्ण. टेपवाल्याचा जीव भांड्यात पडला. कारकुनाने सुटकेचा श्वास टाकला. सगळे खूश. मला वाटलं, तीही खूश होईल.

त्या दिवशी आम्ही पोस्टापासून पाण्याच्या टाकीपर्यंत मोजत होतो. सकाळभर ती नेहमीसारखी उभी राहिली, पट्टी तसूभर हलली नाही. जेवणाच्या सुट्टीत टाकीच्या सावलीत डबे उघडले. तिने तिचा उघडला नाही.

"भाऊ, एक विचारू? पोस्टाच्या पायरीवरून आपण इथे आलो. किती चढलो?"

"सहा मीटर आणि काही."

"आणि ही जागा समुद्रापासून किती?"

"दोनशे अठरा."

"मग नगरपालिकेला काय कळवणार? पंप सहा मीटर चढवायचा बसवा की दोनशे अठरा? दोन्ही अर्थ निघतात म्हणून?"

मी डबा खाली ठेवला.

"साहेबांचं मी समजू शकते," ती म्हणाली. "त्यांनी सूची केली, त्यांना लाज वाटणार. टेपवाल्याचंही समजते. पण एकच माणूस एकाच वेळी दोन उंच्यांवर कसा उभा राहील, हे तुम्ही कसं लिहिलंत? तुम्ही तर दुर्बिणीतून बघता."

ती चिडलेली नव्हती. चिडली असती तर मी काहीतरी बोललो असतो. तिने डबा तसाच पिशवीत ठेवला, उठली, आणि सुट्टी संपायच्या आत पट्टी घेऊन पुढच्या खुणेवर जाऊन उभी राहिली.

नेमणुकीचं पत्र आलं. त्यावर स्वीकारलं असं लिहून सही करून परत करायचं होतं. तिने सही केली आणि सहीखाली आपल्या गोल, सुटसुटीत अक्षरात एक ओळ लिहिली: सतराव्या प्रश्नाचं बरोबर उत्तर एकशे पंचावन्न मीटर वर हे आहे, तीनशे पासष्ट चूक आहे.

कारकुनाने पत्र परत केलं. म्हणाला, सहीच्या खाली काही लिहिता येत नाही, नवी प्रत घ्या. तिने नवी प्रत घेतली आणि तीच ओळ सहीच्या वर लिहिली. तीही परत आली. तिसऱ्या वेळी तिला सांगण्यात आलं की असा शेरा असेल तर नेमणूक रद्द समजली जाईल. ती म्हणाली, "समजा. पण रद्द का केली ते त्याच कागदावर लिहून द्या. मी ओळ खोडणार नाही."

रद्द केल्याचं कारण लिहायला कुणी तयार होईना, कारण लिहायचं म्हणजे कोणतं उत्तर चूक ते लिहायचं. पत्र या टेबलावरून त्या टेबलावर तीन आठवडे फिरलं. ती रोज पट्टी धरायची आणि संध्याकाळी कचेरीत डोकावून विचारायची, "झालं का?" कारकून मान हलवायचा. शेवटी शेवटी तो तिला बघून उभा राहायला लागला होता. त्याने खाजगीत मला सांगितलं की त्याने घरी उदाहरण सोडवून पाहिलं, बाईचं बरोबर आहे.

"मग तसं सांग ना वर," मी म्हणालो.

तो माझ्याकडे बघत राहिला. "मी सांगू? मत तुमचं जोडलंय, मोजणीदार."

त्या संध्याकाळी मी त्याच्याकडून ते पत्र मागून घेतलं. तिच्या ओळीखाली लिहिलं: वरील विधान बरोबर आहे, माझं आधीचं मत मी मागे घेतो. सही, तारीख. यात शौर्य काही नव्हतं. तिने तीन आठवडे एकटीने जे केलं होतं, त्यावर मी दोन ओळी चिकटवल्या.

मोठ्या साहेबांनी दोन दिवस पत्र आपल्याकडे ठेवलं. मग त्यावर फाइल करा असं लिहून खाली पाठवलं, म्हणजे नेमणूक झाली आणि तिची ओळही राहिली. परिपत्रक त्यांनी मागे घेतलं नाही. दोन्ही उत्तरं ग्राह्य हे फळ्यावर तसंच राहिलं, कागद पिवळा पडून गळेपर्यंत. माझ्या बढतीची फाइल पुढे सरकली नाही, आणि पुढचे सहा महिने आमच्या तुकडीला गावाबाहेरच्या सांडपाण्याच्या नाल्याचं काम मिळालं. गुडघाभर चिखल आणि नाक धरून डबा खायचा. ते योगायोगाने मिळालं असं मानायला मी तयार आहे. टेपवाला मात्र तयार नव्हता. तोही आमच्याबरोबरच होता, नवी वही काखेत मारून, आणि दिवसभर आम्हा दोघांच्या नावाने बोटं मोडायचा.

बोलायला मात्र त्यानेच सुरुवात केली. नाल्याच्या काठावर एके दुपारी तो पट्टीबाईला म्हणाला, "तुझं बरोबर असेल, पण माझंही ऑर्डरमध्ये बरोबर आहे."

"ऑर्डरमध्ये आहे," ती म्हणाली. "उद्या तू एकटा दुसऱ्या तुकडीत जाशील. समुद्रापासूनची उंची चढाच्या रकान्यात लिहिशील, आणि गटाराचं पाणी लोकांच्या घरात उलटं जाईल. मग लोक ऑर्डर शोधत येणार नाहीत, तुला शोधत येतील."

त्याने वही काखेतून काढून उघडली. मग म्हणाला, "दाखव."

तिने काठीने चिखलात उभी रेघ मारली. त्याने तिला चार वेळा तेच विचारलं, तिने चार वेळा सांगितलं, पाचव्यांदा ती वैतागली आणि दोघांची जुंपली. मी दुर्बीण पुसत बसलो. बऱ्याच दिवसांनी आमच्या तुकडीत कुणीतरी मोठ्याने भांडत होतं, आणि ते ऐकून मला बरं वाटलं.

पट्टीबाई पुढे सात वर्षं नोंदणीदार होती. नाव बदललं नाही, वही हातात आली तरी सगळे पट्टीबाईच म्हणत. आमच्याकडे नियम आहे, वहीत आकडा चुकला तर रबराने खोडायचा नाही, एक आडवी रेघ मारायची, वर बरोबर आकडा लिहायचा आणि बाजूला सही करायची, म्हणजे चूकही दिसते आणि चूक कुणी सुधारली तेही. तिच्या वह्यांमध्ये अशा रेघा कमी नाहीत. चुकायची तीही. पहिल्याच वर्षी एकदा तिने चढाचा आकडा उताराच्या रकान्यात घातला, आणि ते तिला स्वतःला दोन दिवसांनी घरी टेबलाशी बसल्यावर सापडलं. सकाळी मी येण्याआधी ती जागेवर हजर होती, रेघ मारून, सही करून.

"काल कुणाच्या लक्षात आलं नव्हतं," मी म्हणालो. "आज बदललं नसतं तरी चाललं असतं."

"पाणी थोडंच तुमच्या लक्षात येण्याची वाट बघणार आहे," ती म्हणाली. "चला, पट्टी लावा. हा तुकडा पुन्हा घ्यायचाय."

पट्टी धरायला त्या दिवशी दुसरं कुणी नव्हतं. मी धरली. वारा होता. पंधरा मिनिटांत माझे खांदे भरून आले. समोरून दुर्बिणीला डोळा लावून ती मला ओरडून सांगत होती की पट्टी डावीकडे कललीय, सरळ करा, अजून, अजून थोडी.